जप्त केलेली कॅसेट

२०२३ च्या दिवाळीत चिरंजीव घरी आले ते एक काळी पेटी घेऊन. "आई, तुझ्यासाठी." मला वाटलं बीपी मोजायचं यंत्र असेल. (या वयात आम्हाला भेटी मिळतात त्या साधारण अशाच.) उघडून पाहिलं तर आत भलेमोठे हेडफोन, आणि काडेपेटीएवढं एक यंत्र.

"हे काय रे?"

"ऐकायचं यंत्र. एक अल्बम ऐकवायचाय तुला. यंदा त्याला पन्नास वर्षं झाली म्हणून नवी प्रत काढलीय. हाय रेझोल्यूशन."

"कुठला?"

"द डार्क साइड ऑफ द मून."

मंडळी, हे नाव ऐकल्यावर माझी नजर कुठे गेली असेल? कोपऱ्यातल्या लोखंडी कपाटाकडे. त्याच्या खालच्या खणात, जुन्या प्रश्नपत्रिकांच्या गठ्ठ्यामागे, याच नावाची एक कॅसेट तीस वर्षं पडून होती. मीच ठेवलेली. चिरंजीवांना ते आठवत होतं की नाही, त्यांच्या चेहऱ्यावरून मला कळलं नाही, आणि विचारायचं धाडसही झालं नाही.

तर ही त्या कॅसेटची गोष्ट. लिहायला मुहूर्त लागायला बराच वेळ गेला, पण तो का, ते शेवटी कळेल.

१९९३ सालचा हिवाळा. चिरंजीव दहावीत. मी स्वतः शाळेत दहावीला इतिहास शिकवणारी, त्यामुळे घरात परीक्षेचं वातावरण दुप्पट. एका संध्याकाळी वीज गेली म्हणून मी मेणबत्ती घेऊन आतल्या खोलीत गेले, तर हा अंधारात जमिनीवर उताणा पडलेला, उशाशी सेलवर चालणारा टू-इन-वन, आणि त्यातून एक माणूस वेड्यासारखा हसतोय. खरोखर वेड्यासारखा. मी दारातच थांबले.

"हे काय चाललंय?"

"गाणं आहे."

"हे गाणं? हा माणूस हसतोय!"

"ते तसंच आहे त्यात."

पुढचं सांगत नाही, तुमच्याही घरी झालं असेल. कॅसेट जप्त झाली. "दहावी झाली की मिळेल," असं मी म्हणाले होते. दहावी झाली, मार्कही बरे पडले, कॅसेट मात्र मी दिली नाही. त्याने मागितलीही नाही. त्या हिवाळ्यात तो सायकल असूनही पहाटे क्लासला चालत जायला लागला, तेव्हा मी शिक्षकांच्या खोलीत कौतुकाने सांगितलं होतं, की गाणी बंद केल्यावर पोरगं कसं वळणावर आलं बघा.

पुढे २००७ च्या फेब्रुवारीत रॉजर वॉटर्स मुंबईत हाच अल्बम सादर करायला आले होते. चिरंजीव तेव्हा नोकरीला लागलेले. "आई, येतेस का? दोन तिकिटं काढतो," असं त्याने फोनवर विचारलं. मी हसून म्हणाले, "त्या गोंगाटात मी काय करू?" विषय संपला. असो.

आता थोडा इतिहास. आमचं बीए मराठी माध्यमातलं, इंग्रजी गाणी कानावरून जायची, मनात शिरायची नाहीत. त्यामुळे ऐकायच्या आधी मी चार दिवस वाचलं. जन्मभराची सवय, पाठाची तयारी केल्याशिवाय वर्गात जायचं नाही.

पिंक फ्लॉइड हा लंडनचा चौघांचा वाद्यवृंद. रॉजर वॉटर्स, डेव्हिड गिल्मर, रिचर्ड राइट आणि निक मेसन. त्याआधी सिड बॅरेट हा त्यांचा म्होरक्या होता. त्याचं मन ढासळत गेलं आणि १९६८ मध्ये तो वृंदातून बाहेर पडला. मागे राहिलेल्या मित्रांच्या मनातून तो मात्र गेला नाही. १९७२ च्या सुरुवातीला त्यांनी एक सलग रचना बांधायला घेतली. माणसाला वेड लावणाऱ्या गोष्टी कोणत्या? पैसा, हातातून निसटणारा वेळ, मरणाची भीती, माणसामाणसांतली भांडणं. रेकॉर्ड निघण्याच्या वर्षभर आधीपासून ते ही रचना रंगमंचावर वाजवत होते. मग १९७२ च्या उन्हाळ्यापासून १९७३ च्या सुरुवातीपर्यंत, दौऱ्यांमधून सवड काढून, लंडनच्या अ‍ॅबी रोड स्टुडिओत ती ध्वनिमुद्रित झाली. मार्च १९७३ मध्ये तबकडी बाजारात आली. शब्द सगळे वॉटर्सचे, आणि तो तेव्हा जेमतेम २८-२९ वर्षांचा! आयुष्य सुरू व्हायची वाट बघत बसलेल्या आणि ते कधीच सुरू होऊन गेलंय हे उशिरा कळलेल्या माणसाबद्दल त्या वयात लिहायचं, याचं मला नवल वाटलं. मला तर हे निवृत्तीनंतर कळलं.

अमेरिकेत खपाच्या पहिल्या दोनशे तबकड्यांची जी यादी निघते, तिच्यात १९७३ ते १९८८ या काळात हा अल्बम सातशेहून जास्त आठवडे होता. २०१३ मध्ये तिथल्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने जपून ठेवण्याच्या ध्वनिमुद्रणांच्या राष्ट्रीय यादीत त्याचा समावेश जाहीर केला. म्हणजे मी ज्याला कपाटात डांबलं, त्याला त्यांनी सरकारी दप्तरात सन्मानाने ठेवलं.

मुखपृष्ठ तुम्ही नक्की पाहिलं असेल. काळ्या रंगावर एक त्रिकोणी लोलक, डावीकडून पांढरा किरण आत येतो आणि उजवीकडे रंगांचा पट्टा बाहेर पडतो. शाळेत विज्ञानाच्या तासाला हाच प्रयोग असतो. मी सवयीने रंग मोजले. तानापिहिनिपाजा! तांबडा, नारिंगी, पिवळा, हिरवा, निळा... आणि एकदम जांभळा. पारवा गायब! सहाच रंग. वर्गात कुणी अशी आकृती काढली असती तर अर्धा मार्क कापला असता. गंमत अशी, की न्यूटनने पट्ट्यात सात रंग मानले ते संगीतातल्या सात स्वरांशी मेळ बसावा म्हणून. आणि संगीताच्या तबकडीवरून त्यातला एक रंग गळाला.

हे सगळं तयार कसं केलं, ते वाचताना मला फार मजा आली. संगणक नव्हता. पैशावरच्या गाण्याच्या सुरुवातीला नाण्यांचा खळखळाट, कागद फाटल्याचा आवाज, दुकानातल्या गल्ल्याचं यंत्र, असे आवाज तालात येतात. वॉटर्सची पत्नी मातीची भांडी घडवायची, तिच्या मोठ्या वाडग्यात नाणी फिरवून तो आवाज घेतला. मग प्रत्येक आवाजाचा फितीचा तुकडा पट्टीने मोजून कापला, तुकडे चिकटवून त्याची माळ केली आणि ती गोल फिरवत ठेवली. सात तुकडे, सात मात्रा. आपल्या रूपकात असतात तितक्याच. (वजन वेगळं पडतं, तबलजींनी माझ्यावर धावून येऊ नये.)

वेळेवरच्या गाण्याच्या आधी एकदम पन्नास घड्याळं वाजल्यासारखी वाजतात. ध्वनिमुद्रक अ‍ॅलन पार्सन्स यांनी जुन्या घड्याळांच्या दुकानात जाऊन एकेक घड्याळ वेगळं मुद्रित केलं होतं. तेही या अल्बमसाठी नाही, चार दिशांनी आवाज ऐकवायच्या एका प्रात्यक्षिकासाठी. ते इथे कामी आलं.

मला सगळ्यात आवडलं ते प्रश्नपत्रिकेचं प्रकरण. वॉटर्सने कार्डांवर प्रश्न लिहिले आणि स्टुडिओत जो सापडेल त्याची तोंडी परीक्षा घेतली. सोप्यापासून सुरुवात, आवडता रंग कोणता वगैरे. मग हळूच अवघड: शेवटचा हात कधी उगारलास? तेव्हा तुझं बरोबर होतं का? मरणाची भीती वाटते का? बीटल्सचे पॉल मॅकार्टनी तेव्हा तिथेच काम करत होते, त्यांनाही विचारलं. त्यांची उत्तरं फार सावध आली म्हणून वापरली नाहीत. वापरली कुणाची? स्टुडिओच्या दारावरच्या जेरी ओड्रिस्कॉल नावाच्या दरवानाची. अल्बमच्या अगदी शेवटी, चंद्राला अशी काही वेगळी काळी बाजू नसतेच, अशा अर्थाचं जे कुणी बोलतं, तो हाच दरवान. मोठ्या माणसाचं उत्तर बाद आणि दारावरच्या माणसाचं पास. परीक्षक म्हणून मी या निकालाला मनापासून मान्यता देते.

आणि तो हसणारा माणूस? ज्याच्या हसण्याने मी मेणबत्ती घेऊन दारात थबकले होते? तो वेडा नव्हता, नटही नव्हता. वृंदाच्या दौऱ्यांची व्यवस्था पाहणारा पीटर वॉट्स. १९७६ मध्ये तो वारला. तेव्हा त्याची मुलगी सात वर्षांची होती. तीच पुढे सिनेमात नाव काढलेली नेओमी वॉट्स. म्हणजे ज्या आवाजाला मी तीस वर्षं मनात 'वेड्याचं हसणं' म्हणत होते, तो एका लहान मुलीच्या बाबांचा आवाज होता.

आता त्या काडेपेटीकडे वळते. हाय रेझोल्यूशन म्हणजे काय, हे चिरंजीवांनी मला दोनदा सांगितलं. मला समजलं ते असं.

आवाज म्हणजे लाट. संगणकाला लाट साठवता येत नाही, आकडे साठवता येतात. म्हणून लाटेची उंची ठराविक अंतराने मोजत जायचं. सीडीसाठी ती दर सेकंदाला ४४,१०० वेळा मोजतात. हा विचित्र आकडा कुठून आला? सीडी १९८२ मध्ये जपानात पहिल्यांदा विक्रीला आली. त्याआधी असे आकडे साठवायला व्हिडिओ टेप वापरत. चित्राच्या एकेका रेघेत तीन मोजमापं, अशा २४५ रेघा, सेकंदाला ६० वेळा. गुणाकार करून पाहा, बरोबर ४४,१०० येतो. म्हणजे आपल्या सीडीच्या पोटात जुन्या व्हिडिओ टेपचा हिशेब आहे. ताम्रपटावर आधीच्या राजाची मुद्रा सापडावी तसा.

दुसरी गोष्ट, मोजायच्या पट्टीवर खुणा किती. सीडीच्या १६ बिटांत ६५,५३६ खुणा. नव्या २४ बिटांच्या प्रतीत १ कोटी ६७ लाखांच्या वर. आणि मोजणी सेकंदाला १,९२,००० वेळा. हा अल्बम सुमारे ४३ मिनिटांचा. फाइल आवळून लहान केली नाही तर सीडीच्या हिशेबाने ती सुमारे साडेचारशे एमबी होते, नव्या प्रतीच्या हिशेबाने जवळजवळ तीन जीबी.

हे ऐकून मला राजवाडे आठवले. बीएला असताना आमची सहल पुण्याला भारत इतिहास संशोधक मंडळात गेली होती. तिथे पहिल्यांदा मोडी कागद पाहिले. पुस्तकात छापलेलं पत्र आणि समोरचं पत्र, मजकूर एकच. पण कागदावर शाई कुठे फुटलीय, ओळ कुठे दाटीने बसवलीय, हे छापात दिसत नाही. राजवाडे आयुष्यभर हेच सांगत राहिले: बखर नंतर रचलेली असते, अस्सल कागद शोधा. 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चा पहिला खंड त्यांनी १८९८ मध्ये काढला तो याच हट्टापायी. मी तीस वर्षं मुलींना अस्सल, नक्कल आणि नकलेची नक्कल यातला फरक शिकवला.

आणि माझ्या कपाटातली ती कॅसेट काय होती? नकलेची नक्कल. तेव्हा कोरी कॅसेट घेऊन गाणी 'भरून' आणायचे, आठवतं ना? कुणाच्या तरी तबकडीवरून कुणी कॅसेट भरली, तिच्यावरून दुसऱ्याने, तिच्यावरून ही. प्रत्येक पिढीला फितीची सरसर वाढते आणि वरचे बारीक आवाज झिजतात. या अल्बमची सुरुवात काळजाच्या ठोक्यांनी होते. निक मेसनच्या मोठ्या ढोलाला आत मऊ भरून तो आवाज केलाय, आणि तो इतका हळू सुरू होतो की आधी काहीच ऐकू येत नाही. कॅसेटवर तो सरसरीत पार बुडून गेलेला. पट्टीवर खुणा जास्त असल्याचा खरा फायदा इथेच. मोठा आवाज आणखी मोठा होत नाही, हळू आवाज तळाच्या गाळात रुतत नाही, इतकंच.

मात्र इथे माझ्यातल्या शिक्षिकेला शंका आली. अस्सल म्हणजे नेमकं कुठलं? अ‍ॅबी रोडला आवाज १६ ट्रॅकच्या फितीवर घेत होते. ते भरले की काही ट्रॅक एकत्र करून दुसऱ्या फितीवर उतरवायचे आणि पुढे काम चालू ठेवायचं. म्हणजे कारखान्यातच एक नक्कल झालेली. २००३ मध्ये जेम्स गथ्री यांनी अनेक कर्ण्यांसाठी या अल्बमची नवी जुळणी केली, तेव्हा ते मागे जाऊन पहिल्या पिढीच्या फिती काढून बसले होते. शिवाय त्या फितीची स्वतःची सरसर असतेच. तिच्यापुढे १६ बिटांची पट्टीसुद्धा पुरेशी बारीक आहे, २४ बिटांत ती सरसर आणखी नेमकी मोजली जाते एवढंच! अस्सल कागदालाही डाग असतात.

आणि ऐकणारीचे कान? तेही सांगते. ऐकण्याच्या तपासणीचा माझा आलेख डॉक्टरांनी काढला, तो ४ किलोहर्ट्झच्या पुढे घाट उतरावा तसा खाली गेलाय. तरुण माणसाला फार तर २० किलोहर्ट्झपर्यंत ऐकू येतं. सीडीत २२ पर्यंतचं मावतं. १९२ किलोहर्ट्झच्या फाइलीत ९६ पर्यंतचं मावू शकतं. ते ऐकायला घरात वटवाघूळ पाळावं लागेल.

तरुण कानांना तरी फरक कळतो का? २००७ मध्ये अमेरिकेत मेयर आणि मोरान या दोघांनी प्रयोग प्रसिद्ध केला. हाय रेझोल्यूशन आवाज, आणि तोच आवाज मध्ये सीडीच्या मोजमापातून गाळून घेतलेला, यातलं कुठलं कुठलं ते ओळखायचं. ५५४ खेपांपैकी बरोबर उत्तरं जवळजवळ निम्मी, म्हणजे नाणं उडवून सांगितल्यासारखी. २०१६ मध्ये लंडनच्या क्वीन मेरी विद्यापीठाच्या जोशुआ रीस यांनी असे बरेच प्रयोग एकत्र मांडले, तेव्हा बरोबर उत्तरांचं प्रमाण ५२.३ टक्के निघालं. कान तयार केलेल्या लोकांत थोडं अधिक. फरक आहे, पण केसाएवढा. मेयर-मोरान यांनी एक प्रामाणिक नोंद मात्र केली होती: या महागड्या तबकड्या मुळात छान वाजतात, कारण त्या जास्त काळजीने तयार केलेल्या असतात. म्हणजे गुण आकड्यांचा कमी, हाताचा जास्त.

चिरंजीवांना मी हे सगळं वाचून दाखवलं. तो म्हणाला, "आई, मला माहितीय ते. तू एकदा ऐक तर."

ऐकलं. लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशी दुपारी, बाहेर फटाके शांत असताना. गाण्यांचे शब्द मी शब्दकोश घेऊन वहीत उतरवून ठेवले होते. दार लावलं, दिवा बंद केला, आणि त्याने तीस वर्षांपूर्वी केलं होतं तसंच, जमिनीवर चटई टाकून उताणी झाले. (परत उठताना काय झालं ते विचारू नका.)

आधी काहीच नाही. मग ठोका. मला वाटलं माझाच. पुन्हा. मग हलकेच घड्याळांची टिकटिक, गल्ल्याचा खणखणाट, कुणाचं तरी बोलणं, आणि ते हसणं. तेच! पण आता ते हसणं एका खोलीत होतं. त्या खोलीला भिंती होत्या. हसणारा दम घेत होता. १९९३ मध्ये मला दारातून जे ऐकू आलं होतं ते एका पत्र्याच्या डब्यातून आल्यासारखं होतं.

घड्याळं वाजली तेव्हा दचकले. पैशांच्या गाण्यात बोटांवर सात मोजत राहिले आणि मध्येच गिटारच्या वेळी मोजणी चुकली. चूक माझी नव्हती, तिथे ताल चारचा होतो. शेवटच्या ठोक्यांपर्यंत पडून राहिले. किती किलोहर्ट्झ ऐकले ते माझे डॉक्टरच सांगू शकतील, पण ४३ मिनिटं मी हलले नाही एवढं खरं.

मधल्या एका गाण्याबद्दल सांगायलाच हवं. 'द ग्रेट गिग इन द स्काय'. राइटचा पियानो आणि त्यावर एका बाईचा आवाज. शब्द एकही नाही. नुसता आक्रोश, मग थकणं, मग कुजबुजण्यासारखं शांत होणं. मरणावरचं गाणं आहे हे मला वही न बघता कळलं. ती क्लेअर टॉरी, तेव्हा पंचविशीतली गायिका. १९७३ च्या जानेवारीतल्या एका रविवारी तिला बोलावलं, पियानो ऐकवला, आणि शब्द नकोत, गा, असं सांगितलं. जे सुचलं ते ती गायली. मेहनताना ३० पौंड. हे वापरतील असंही तिला वाटलं नव्हतं. पुढे दुकानात तबकडीवर नाव पाहिल्यावर तिला कळलं. नाव होतं, पण फक्त गायिका म्हणून. रचना एकट्या राइटच्या नावावर. २००४ मध्ये तिने दावा लावला, २००५ मध्ये तडजोड झाली, आणि तेव्हापासून रचनाकार म्हणून राइटच्या जोडीला टॉरीचं नाव येतं.

ऐकून झाल्यावर मी चिरंजीवांच्या फोनवर ते नाव शोधलं. होतं. मग कपाट उघडून कॅसेट काढली. तिच्या पुठ्ठ्यावर कुणीतरी निळ्या पेनाने गाण्यांची नावं लिहिलेली, बाकी काही नाही. पण १९७३ ची अस्सल तबकडी आणली असती तरी तिच्यावर टॉरीचं श्रेय सापडलं नसतं. ते सापडलं पन्नास वर्षांनंतरच्या प्रतीवर. राजवाड्यांची मी निष्ठावान, पण इथे थोडी अडखळले. जुना कागद अस्सल असतो, म्हणून त्यावर सगळं खरंच लिहिलेलं असतं असं नाही. काही खरं नंतर, कुणीतरी भांडल्यावर लिहिलं जातं.

आता कॅसेट. भाऊबीजेच्या दिवशी ती मी त्याच्या हातात ठेवली. "दहावी झाली की देईन म्हणाले होते. उशीर झाला."

त्याने ती उलटसुलट करून पाहिली आणि हसला. म्हणाला, "आई, ही माझी नव्हतीच गं."

"म्हणजे?"

"मित्राची होती. त्याच्या मोठ्या भावाने पुण्याच्या होस्टेलवरून भरून आणलेली. भावाच्या नकळत दिली होती त्याने मला."

"मग त्याला तू काय सांगितलंस?"

"हरवली म्हणून. तो फार चिडला. मग दोन महिने त्याला माझी सायकल वापरायला दिली."

मी काही बोलू शकले नाही. सायकल! पहाटेच्या थंडीत तो क्लासला चालत जात होता, आणि मी ते शिक्षकांच्या खोलीत अभिमानाने सांगत होते. पुरावा रोज सकाळी माझ्या डोळ्यांसमोर दारातून बाहेर पडत होता. मी त्याचा अर्थ माझ्या सोयीचा लावला. इतिहासाची शिक्षिका!

"मला सांगायचंस ना रे," मी म्हणाले.

"सांगितलं असतं तर तू त्याच्या आईला फोन केला असतास."

केला असता. अगदी खरं आहे.

त्याच संध्याकाळी त्याने मित्राला फोन लावला. दोघं पोट धरून हसले. मित्र आता नाशिकला असतो, त्याच्याकडे हा अल्बम सीडीवर केव्हाचा आहे, कॅसेट लावायला यंत्रही नाही. तरी पण मी पत्ता घेतला. पाडव्याच्या राहिलेल्या करंज्या, ती कॅसेट आणि चार ओळींचं पत्र असं पार्सल पाठवलं. पत्रात लिहिलं, की कॅसेट हरवली नव्हती, माझ्याकडे होती, आणि माझ्या मुलाने खोटं बोलून मला सांभाळून घेतलं.

त्याचं उत्तर बरेच दिवस आलं नाही, म्हणून हे लिहायचं थांबले होते. गेल्या महिन्यात आलं. करंज्या पोचल्या, मोडल्या नव्हत्या. कॅसेट त्याने भावाला दिली. भावाने म्हणे पुठ्ठ्यावरचं स्वतःचं अक्षर लगेच ओळखलं.

असो. फार लांबलं. तुमच्या कपाटात कुणाचं काही जप्त करून ठेवलेलं असेल तर एकदा बघा. आणि सायकलीचं काय झालं होतं, तेही विचारून घ्या.